हे लेणे बौद्धांचे कशावरून?

दर दोन-चार दिवसांनी आमच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर एखादा फोटो येतो. देवळातली शेंदूर फासलेली मूर्ती, खाली ओळ: 'हा मूळचा बुद्धच आहे, जास्तीत जास्त शेअर करा.' शंभर जण 'नमो बुद्धाय' लिहितात. मग कुणीतरी विचारतो, 'कशावरून?' आणि तिथे वादाला तोंड फुटते. विचारणारा लगेच मनुवादी ठरतो. आम्हाला मात्र तो प्रश्न रास्त वाटतो. सातारा-सांगलीतल्या बौद्ध तरुणांनी तो दुसऱ्याने विचारण्याआधी स्वतःला विचारावा, कारण आपल्याकडे त्याचे उत्तर देता येईल अशी ठिकाणे आहेत.

कऱ्हाडजवळचा आगाशिवचा डोंगर घ्या. जखिणवाडीच्या अंगाने आणि कोयनेच्या खोऱ्याकडे तोंड करून, तीन गटांत मिळून साठहून अधिक लेणी आहेत. साताऱ्याचे कमिशनर असताना बार्टल फ्रिअर यांनी १८५० च्या सुमारास त्यांच्यावर टिपण लिहिले. पुढे फर्ग्युसन आणि बर्जेस यांनी १८८० च्या ग्रंथात त्यांची नोंद घेतली. ही लेणी बौद्ध आहेत हे कळते ते स्तूपांवरून, भिक्खूंच्या खोल्यांवरून, त्यांतल्या दगडी ओट्यांवरून. शिवाय एका लेण्यात ब्राह्मी लिपीतला छोटा लेख आहे. गोपालाचा पुत्र संघमित्र याने हे लेणे दान दिले, एवढाच त्याचा अर्थ. त्यात 'लेण' हा शब्द आहे, आपण आजही म्हणतो तो.

संघमित्र नाव वाचले की आपल्यातले अनेक जण लगेच म्हणतात, ही तर अशोकाची कन्या संघमित्रा! पण लेखात 'पुत' आहे, म्हणजे मुलगा. लेखात राजाचे नाव नाही, साल नाही. काळ ठरवायचा तो अक्षरांच्या वळणावरून आणि लेण्याच्या घडणीवरून, आणि तोही अंदाजे: इसवी सनाच्या आगेमागे. सहलीच्या बॅनरवर आपण 'अशोककालीन लेणी' छापतो ते सिद्ध करता येणार नाही. लेख जे सांगतो ते काय कमी आहे? एका साध्या माणसाने, बापाचे नाव लावून, संघाला डोंगरात घर करून दिले.

याच कऱ्हाडचे जुने नाव करहाकड. कोकणात कुडा लेण्यांत एका लेखात करहाकडच्या महिक नावाच्या लोखंडाच्या व्यापाऱ्याचे दान आहे. त्याहून लांब, मध्य प्रदेशातल्या भरहुतच्या स्तूपावर करहाकट नगराने दिलेल्या दानाचा लेख आहे. तीन ठिकाणचे तीन लेख एकमेकांना दुजोरा देतात तेव्हा कृष्णाकाठच्या एका व्यापारी गावाचा धम्माशी असलेला संबंध कुणाला नाकारता येत नाही.

आता वाईजवळचे लोहारे. तिथल्या लेण्यातला स्तूप आज शिवलिंग म्हणून पुजला जातो. ही गोष्ट आपण शोधलेली नाही, जुन्या इंग्रजी नोंदींतही ती आहे. तिथे आपला दावा टिकतो, कारण स्तूप त्याच खडकात कोरलेला आहे, त्याच जागी आहे आणि आजूबाजूला लेणी आहेत. देवळात कुठून तरी आणून ठेवलेल्या मूर्तीला असा शेजार नसतो. पुरातत्त्वात याला संदर्भ म्हणतात. वस्तू जागेवरून हलली की तिची निम्मी साक्ष गेली. कोल्हापूरच्या ब्रह्मपुरी टेकडीवर हसमुख सांकलिया आणि मोरेश्वर दीक्षित यांनी १९४५-४६ मध्ये उत्खनन केले. कोणती वस्तू कोणत्या थरात मिळाली याची नोंद ठेवल्यामुळेच तिथली सातवाहनकालीन वस्ती डोळ्यांसमोर उभी करता आली. तीच नाणी आणि तीच खापरे कुणी पिशवीत भरून घरी नेली असती तर?

सांगलीकडच्या मित्रांना एक गोष्ट वेगळी सांगायची आहे. तुमच्या भागात जैन समाज फार जुना आहे आणि शेतात सापडणारी ध्यानस्थ मूर्ती अनेकदा तीर्थंकराची असते. अंगावर चीवराची कड आहे का, डोक्यावर तिहेरी छत्र आहे का, आसनावर लांछन आहे का, हे पाहिल्याशिवाय 'बुद्ध सापडला' म्हणू नका. दुसऱ्याचा वारसा आपल्या नावावर करणे म्हणजे आपल्याबरोबर जे झाले तेच आपण करणे.

हे शिकायचे कुठून? इंग्रजी झेपत असेल तर कॉलिन रेनफ्रू आणि पॉल बान यांचे 'आर्किऑलॉजी: थिअरीज, मेथड्स अँड प्रॅक्टिस' (पहिली आवृत्ती १९९१) वाचा. जाडजूड आहे, पण त्याची प्रकरणे प्रश्नांनीच सुरू होतात: काय उरले आहे, कुठे, कधीचे, लोक खात काय होते. भूतकाळ नेमका कुणाचा, यावरही त्यात स्वतंत्र प्रकरण आहे. ते आपल्या कार्यकर्त्यांनी आधी वाचले तरी चालेल. मराठीत म. के. ढवळीकरांचे 'पुरातत्त्वविद्या' आहे. लेखांसाठी वा. वि. मिराशींचे 'सातवाहन आणि पश्चिमी क्षत्रप यांचा इतिहास आणि कोरीव लेख' आहे. मिराशींची सगळी मते पटलीच पाहिजेत असे नाही, पण मूळ पाठ समोर असतो. मराठी विश्वकोशाचे काम तर वाईतच उभे राहिले. १८८५ चे सातारा गॅझेटियर सांगलीकरांनीही उघडावे. सांगली जिल्ह्याचा बराच भाग तेव्हा साताऱ्यात होता. १९४९ मध्ये तो दक्षिण सातारा झाला आणि १९६० मध्ये सांगली.

आणि बाबासाहेब. 'द अनटचेबल्स' (१९४८) च्या प्रस्तावनेत थेट पुरावा नसेल तिथे इतिहासकाराने काय करायचे, याची त्यांनी सविस्तर चर्चा केली आहे. तर्काने कडी जोडली तर ती तर्काने जोडली आहे, हे ते लपवत नाहीत. त्यांचे नाव घेऊन पोस्ट टाकणाऱ्यांनी ती चार पाने वाचावीत.

आमचीही एक चूक सांगतो. काही वर्षांपूर्वी एका लेण्यात फोटो नीट यावा म्हणून आम्ही अक्षरांत खडू भरला. दोन अक्षरे आम्हाला वाटली तशी भरली गेली आणि नंतर आलेल्यांनी तीच खरी धरून वाचली. शेवाळ काढायला आणलेला तारेचा ब्रश वापरला नाही, एवढे नशीब. संरक्षित स्मारकाला इजा केली तर १९५८ च्या कायद्यानुसार दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड होऊ शकतो, हे आम्हाला तेव्हा माहीत नव्हते.

आता आम्ही सोबत मोजपट्टी, वही आणि मोबाईल नेतो. फोटोत शेजारी पट्टी धरतो, दिशा लिहितो, कशालाही हात लावत नाही. मागच्या वेळी आगाशिवच्या एका गटात किती खोल्यांत दगडी ओटे आहेत ते दोघांनी वेगवेगळे मोजले. दोघांचे आकडे जुळले नाहीत. पावसाळा संपला की पुन्हा जाणार आहोत.