न्यायालयीन आदेशाने पोलीस संरक्षण

न्यायालयीन आदेशाने पोलीस संरक्षण म्हणजे जिवाला धोका असलेल्या व्यक्तीस न्यायालयाच्या निर्देशावरून पुरविला जाणारा पोलीस बंदोबस्त होय. उसनवारी, सावकारी किंवा थकबाकीच्या वादातून धमक्या येत असूनही पोलिसांनी दखल न घेतल्यास उच्च न्यायालयात फौजदारी रिट याचिका दाखल करता येते. राज्यघटनेच्या अनुच्छेद २१ मधील जीविताचा हक्क हा तिचा आधार असून अनुच्छेद २२६ अन्वये न्यायालय पोलिसांना आदेश देऊ शकते.

औरंगाबाद खंडपीठ

मराठवाड्यासह अहिल्यानगर, जळगाव, धुळे व नंदुरबार जिल्ह्यांतील अशा याचिका मुंबई उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर येथील खंडपीठापुढे चालतात. या खंडपीठाचे कामकाज २७ ऑगस्ट १९८१ रोजी सुरू झाले.

तक्रारीचे स्वरूप

पैशांचा वाद मूलतः दिवाणी असला, तरी धमकी हा स्वतंत्र गुन्हा आहे. भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५१ खालील धमकी सामान्यतः अदखलपात्र असल्याने दंडाधिकाऱ्याच्या आदेशाविना पोलीस तपास करू शकत नाहीत. धाक दाखवून पैसे उकळणे (कलम ३०८) मात्र दखलपात्र आहे. म्हणून तक्रारीतील तपशील निर्णायक ठरतो. कर्जवसुलीसाठी कर्जदाराचा छळ करणे महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियम, २०१४ अन्वये शिक्षापात्र आहे.

मर्यादा

आदेशापूर्वी न्यायालय सामान्यतः पोलिसांचे म्हणणे मागवून धोक्याचे गांभीर्य तपासते. संरक्षण मिळाल्याने मूळ देणे माफ होत नाही. त्याचा निवाडा दिवाणी न्यायालयातच होतो.