शिवणयंत्राचा पट्टा



पायाने चालणारे शिवणयंत्र आपल्या पुष्कळ घरांतून अजून टिकून आहे. वीज गेली तरी त्याचे काम अडत नाही. अशा यंत्रावर शाळेचे गणवेश अगर परकर-पोलकी शिवून संसाराला हातभार लावणाऱ्या भगिनीही थोड्याथोडक्या नाहीत. ऐन कामाच्या दिवसांत हे यंत्र कधीकधी रुसते. पायडल हलते, मोठे चाक फिरते. पण जाड कापड आले की सुई तेथेच अडते. यंत्र म्हातारे झाले असे समजून ते मोडीत काढण्यापूर्वी त्याचा चामडी पट्टा तपासून पाहावा.

आयझॅक सिंगर याने १८५१ साली अमेरिकेत आपल्या शिवणयंत्राचे पेटंट घेतले. तेव्हापासून यंत्रांत अनेक सुधारणा झाल्या, परंतु पायाचे बळ पट्ट्याने सुईपर्यंत नेण्याची युक्ती कायम राहिली. समजा, खालच्या चाकाचा व्यास १२ इंच व वरच्या हातचाकाच्या खाचेचा ३ इंच आहे. तर खालचे चाक एकदा फिरताच वरचे चार वेळा फिरते आणि चार टाके पडतात. हे सारे केवळ घर्षणावर चालते. वापराने चामडे ताणते, पावसाळी दमट हवेत सैल पडते, आणि त्यावर तेल सांडले तर खाचेतून निसटू लागते.

प्रथम दोष पट्ट्याचाच आहे ना, याची खात्री करावी. पट्टा उतरवून हातचाक हाताने फिरवावे. ते जड लागले तर यंत्राला तेल हवे आहे, अथवा बॉबिनपाशी दोरा अडकला आहे. ते हलके फिरत असेल, तर मात्र दोष पट्ट्याकडे येतो.

पट्टा धड असून नुसता सैल असेल, तर नवा आणण्याचे कारण नाही. जोडाची तारेची आकडी एका बाजूने पकडीने उघडावी, पाव इंच तुकडा कापावा, आरीने नवे छिद्र पाडावे आणि आकडी पुन्हा दाबून बसवावी. चामड्याला भेगा पडल्या असतील किंवा तो जागोजागी झिजला असेल, तर नवा पट्टा घ्यावा. तो हातचाकावरून घेऊन त्याची दोन्ही टोके फळीच्या दोन छिद्रांतून खाली सोडावी व मोठ्या चाकाभोवती आणून जुळवावी. जेथे ती एकमेकांना भेटतात तेथे खूण करून मगच कापावे. कारण जास्त राहिलेला पट्टा पुन्हा कापता येतो, पण आखूड झालेला वाढविता येत नाही. आकडीची टोके नीट दाबावी, नाहीतर ती फळीच्या छिद्रात अडकतील किंवा हाताला ओरखडे काढतील. पायडलवर पाय ठेवण्यापूर्वी हातचाक स्वतःच्या दिशेने दोनचार वेळा फिरवून पाहावे.

पट्टा किती घट्ट असावा? येथेच बहुतेकांची चूक होते. सैल पट्ट्याचा अनुभव आला की मनुष्य नवा पट्टा तारेसारखा ताणून बसवितो. मग पायडल जड होते, यंत्राचे सांधे लवकर झिजतात, आणि दिवसभर शिवणाऱ्या बाईचे गुडघे संध्याकाळी दुखू लागतात. बोटाने दाबला असता पट्टा किंचित वाकावा, पण जाड शिवणीवर घसरू नये. एवढाच ताण पुरे. नवे चामडे काही दिवसांनी ताणतेच, तेव्हा पुन्हा एकदा थोडेसे कापावे लागेल.

घरात लहान मूल असल्यास आणखी एक काळजी घ्यावी. फिरणारे चाक पाहून मुले यंत्राखाली जाऊन बसतात. पट्टा व चाक यांच्या सापटीत कोवळे बोट सापडण्यास एक क्षण पुरतो. म्हणून काम संपताच पट्टा मोठ्या चाकावरून उतरवून ठेवावा. सकाळी तो पुन्हा चढविण्यास अर्धे मिनिटही लागत नाही.