धाकटीला कितवी पाठवायची?

व्हिडिओ गेम म्हणजे नुसती बटणांची आदळआपट, असे आपण वडीलधारे सहज म्हणून जातो. पण जपानच्या एसएनके कंपनीचा १९९४ सालचा ‘द किंग ऑफ फायटर्स’ पाहा. तिघांविरुद्ध तिघे! एक हरला की दुसरा उतरतो. जिंकलेला मात्र थोडीशी ताकद भरून घेऊन तसाच लढतो. १९९५च्या भागात आपला संघ आपणच जुळवण्याची सोय आली. सुट्टीत आमच्याकडे भाचरे जमली की एकेक गडी वाटून घेतात. खरा पेच क्रमाचा. धाकटी अजून कच्ची. तिला शेवटी ठेवले, तर पराभवाचे खापर तिच्याच माथी. म्हणून थोरला तिला पहिली पाठवतो आणि शेवटची जबाबदारी स्वतःकडे घेतो. हार-जीत काहीही होवो, ही समज मला मोलाची वाटते.