शाब्दिक उदाहरणांवरून रेषीय समीकरणाची मांडणी

व्यवहारातील प्रश्नात शब्दांनी दिलेली माहिती चल, संख्या आणि बरोबरीचे चिन्ह यांच्या साहाय्याने लिहिणे, यास शाब्दिक उदाहरणावरून समीकरणाची मांडणी करणे असे म्हणतात. ज्या समीकरणात चलाचा घातांक १ असतो आणि चलांचा परस्परांशी गुणाकार नसतो, ते रेषीय समीकरण होय, उदा. ३क्ष + ५ = २०. समीकरण सोडवण्याचे नियम ठरलेले असतात. मांडणीसाठी मात्र वाक्याचा अर्थ नेमका लावावा लागतो. त्यामुळे अनेक चुका आकडेमोडीत नव्हे, तर वाचनात होतात.

चलाची निवड

चल हे संख्येसाठी असते, वस्तूसाठी नव्हे. ‘पेन = क्ष’ ही नोंद संदिग्ध आहे, कारण क्ष म्हणजे पेनांची संख्या की किंमत, हे तीवरून कळत नाही. ‘एका पेनाची किंमत क्ष रुपये मानू’ ही नोंद स्पष्ट आहे. समीकरणातील समान प्रकारच्या राशी एकाच एककात असाव्या लागतात.

शब्दरचना आणि चिन्हे

मराठीत क्रियांचा क्रम बहुधा विभक्तिप्रत्यय आणि शब्दयोगी अव्यये यांवरून समजतो.

• एका संख्येतून ७ वजा केले : क्ष − ७
• ७ मधून एक संख्या वजा केली : ७ − क्ष
• संख्येच्या तिपटीत ५ मिळवले : ३क्ष + ५
• संख्येत ५ मिळवून आलेल्या बेरजेची तिप्पट केली : ३(क्ष + ५)

शेवटच्या दोन वाक्यांत शब्द जवळजवळ तेच आहेत, पण दुसऱ्यात बेरीज आधी होत असल्याने कंस आवश्यक ठरतो.

‘वर्गात प्रत्येक मुलीमागे २ मुलगे आहेत’ या वाक्यावरून शब्दांच्या क्रमाने २म = ल असे लिहिण्याची चूक वारंवार होते. येथे म ही मुलग्यांची व ल ही मुलींची संख्या आहे. मुली १० असतील तर मुलगे २० असतात; म्हणून योग्य समीकरण म = २ल हे होय.

उदाहरण

वहीची किंमत पेनाच्या किमतीच्या दुपटीपेक्षा १० रुपयांनी अधिक आहे. ३ वह्या व २ पेने यांची एकूण किंमत ११० रुपये आहे. तर प्रत्येकाची किंमत किती?

पेनाची किंमत क्ष रुपये मानल्यास वहीची किंमत (२क्ष + १०) रुपये होते.

३(२क्ष + १०) + २क्ष = ११०
८क्ष + ३० = ११०
क्ष = १०

म्हणून पेनाची किंमत १० रुपये व वहीची किंमत ३० रुपये.

पडताळा

उत्तर केवळ समीकरणात ठेवून पाहणे पुरेसे नसते. चुकीचे समीकरण अचूक सोडवले, तरी उत्तर त्या समीकरणात जुळतेच. म्हणून पडताळा मूळ वाक्यांशी घ्यावा : १० ची दुप्पट अधिक १० म्हणजे ३०; तसेच ९० + २० = ११०. माणसांची संख्या अपूर्णांकात किंवा वस्तूची किंमत ऋण आल्यास मांडणी पुन्हा तपासावी.

इतिहास

प्राचीन भारतीय गणितात अज्ञात राशीला ‘यावत्तावत्’ अशी संज्ञा होती. एकाहून अधिक अज्ञात राशी असल्यास कालक, नीलक अशी रंगांची नावे योजून त्यांची आद्याक्षरे लिहीत. १२व्या शतकातील भास्कराचार्यांच्या ‘बीजगणित’ या ग्रंथात ही पद्धत आढळते. त्यांच्या ‘लीलावती’ या ग्रंथात अज्ञात राशीसाठी सोयीची संख्या गृहीत धरून उत्तर काढण्याची ‘इष्टकर्म’ ही रीतही दिली आहे.