करकरणारं चाक, भाजणारं ऊन

ब्राझीलचे दिग्दर्शक नेल्सन पेरेरा दोस सांतोस (1928–2018) यांना ‘अष्टपैलू’ म्हणून मोकळं होणं सोपं आहे. त्यांनी वृत्तपत्रात नोकरी केली, पटकथा लिहिल्या, निर्मिती केली, विद्यापीठात सिनेमा शिकवला, ग्लाउबर रोशांच्या ‘बारावेंतो’चं (1962) संकलन केलं. पण एका कामाने दुसऱ्याला काय दिलं, हे या यादीतून कळत नाही. 1960 साली ग्रासिलियानो रामोस यांच्या ‘विदास सेकास’ या दुष्काळाच्या कादंबरीवर चित्रपट करायला ते बाहियाच्या कोरड्या मुलखात गेले, आणि नेमका पाऊस आला. माळ हिरवागार झाला. हात हलवत परतण्याऐवजी त्यांनी तिथेच वेगळी गोष्ट रचली, नायकही स्वतःच झाले आणि ‘मांदाकारु वेर्मेल्यो’ (1961) पुरा केला.

कुणी म्हणेल, यात प्रतिभा कसली? पैशाची चणचण असली की माणूस पडेल ते काम करतोच. शिवाय तो चित्रपट त्यांच्या उत्तम कामांत बसत नाही. दोन्ही गोष्टी मला मान्य आहेत. ‘रिओ, 40 ग्राउस’ही (1955) अपुऱ्या साधनांतच, शहराच्या रस्त्यांवर घडला होता. पण गरजेपोटी शिकलेलं पुढे कुठे वापरायचं, हे गरज ठरवत नाही. आलागोआसमध्ये ‘विदास सेकास’ (1963) अखेर उभा राहिला, तेव्हा कॅमेरा त्यांनी लुईझ कार्लोस बारेतो या वृत्तछायाचित्रकाराकडे सोपवला होता. बारेतोंनी भिंगावर फिल्टर लावला नाही. प्रकाशाचं माप सावलीतल्या चेहऱ्यांवरून घेतलं. त्यामुळे आभाळ पांढरंफटक पडलं आणि ऊन डोळ्यांना बोचू लागलं. प्रत्येक काम स्वतःच्या हातात ठेवणाऱ्याला हे जमलं नसतं. कुठलं काम कुणाला द्यायचं, ही जाण कामं करून पाहिल्यावरच येते.

आणि सुरुवातीचं ते दृश्य! ओसाड रानातून एक कुटुंब दुरून, अगदी सावकाश चालत येतं. पार्श्वसंगीत नाही, ऐकू येतो तो बैलगाडीच्या लाकडी चाकाचा करकराट. दृश्य तुटत नाही, आवाजही थांबत नाही. प्रेक्षक आधी वैतागतो, मग त्याला त्या पावलांचं ओझं जाणवू लागतं. कात्री कुठे चालवायची हे संकलक जाणतोच. इथे ती कुठवर आवरून धरायची, हे कळलेला माणूस दिसतो.