ऑक्टोबर १९६२ : वॉशिंग्टन आणि दिल्ली

मराठी माणसाच्या मनात १९६२ म्हणजे चीनचे आक्रमण आणि मुख्यमंत्रिपद सोडून संरक्षणमंत्री म्हणून दिल्लीला गेलेले यशवंतराव चव्हाण. त्याच ऑक्टोबरात क्यूबावरून अमेरिका आणि सोव्हिएत संघ अणुयुद्धाच्या तोंडाशी आले होते. अमेरिकेचे अध्यक्ष केनेडी यांच्या कणखरपणामुळे ते संकट टळले, असे अजूनही लिहिले जाते. मला ते पटत नाही. दोन्ही बाजूंच्या नेत्यांनी हात आवरला, माघारीची वाट मोकळी ठेवली, म्हणून ते टळले.

१६ ऑक्टोबरला क्यूबातील सोव्हिएत क्षेपणास्त्रांची छायाचित्रे केनेडींपुढे आली, तेव्हा त्यांचाही कल हवाई हल्ल्याकडेच होता. पण बातमी फुटू न देता सल्लागारांत खल चालला आणि २२ तारखेला जाहीर झाली ती नाकेबंदी. २७ तारखेला मेजर अँडरसन यांचे यू-२ टेहळणी विमान क्यूबावर पाडले गेले. असे घडले तर विमान पाडणारा क्षेपणास्त्रतळ उडवायचा, हे आधी ठरलेले. तरी केनेडींनी हल्ला थांबवला. त्याच रात्री त्यांच्या भावाने सोव्हिएत राजदूत डोब्रिनिन यांना तुर्कस्तानातली अमेरिकी क्षेपणास्त्रे हलवण्याचा शब्द गुपचूप दिला. दुसऱ्या दिवशी सोव्हिएत नेते ख्रुश्चेव्ह यांनीही माघार जाहीर केली. दिल्लीत मात्र १२ ऑक्टोबरलाच नेहरूंनी पत्रकारांना सांगून टाकले होते, की चिन्यांना हुसकावण्याचा आदेश सैन्याला दिला आहे. तेव्हा सीमेवरील नामका चू नदीच्या काठावर आपले जवान सुती कपड्यांत, अपुऱ्या दारूगोळ्यानिशी उभे होते. चीनने २० तारखेला हल्ला केला तो केवळ या वाक्यामुळे, असे मी म्हणणार नाही. पण आपल्या माघारीची वाट आपणच जाहीरपणे बुजवली.

कोणी म्हणेल, क्यूबात नशीबच तारून गेले. खरे आहे: सोव्हिएत पाणबुडीवर आर्खिपोव्ह या अधिकाऱ्याने अण्वस्त्रधारी टॉर्पेडो सोडायला विरोध केला, हे वॉशिंग्टनला ठाऊकही नव्हते. पण २७ तारखेला बाँबफेक सुरू झाली असती, तर अशा संयमाला वावच उरला नसता. दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे: कधी कधी झटपट निर्णयच योग्य ठरतो. १ सप्टेंबर १९६५ला पाकिस्तानच्या हल्ल्याने छांब धोक्यात येताच चव्हाणांनी हवाई दल वापरायला तत्काळ संमती दिली आणि त्याच संध्याकाळी पठाणकोटहून विमाने उडाली. तो निर्णय योग्यच होता. तिथे शत्रूचे रणगाडे पुढे सरकत होते, उशिराची किंमत उघड दिसत होती आणि समोर अणुबाँब नव्हता. म्हणजे प्रश्न वेगाचा नाही. निर्णय चुकला तर तो फिरवता येईल का, याचा आहे.

असे निर्णय कसे झाले हे तपासायचे, तर केनेडींच्या त्या बैठकांच्या ध्वनिफिती आज कोणालाही ऐकता येतात. आपल्या १९६२च्या पराभवावरील हेंडरसन ब्रूक्स अहवालाचे निष्कर्ष मात्र चव्हाणांनी २ सप्टेंबर १९६३ रोजी लोकसभेत सांगितले. मूळ अहवाल सरकारने अजूनही प्रसिद्ध केलेला नाही.