मुरगाव : तटस्थ बंदरात पोहोचलेले महायुद्ध

झुआरी नदी अरबी समुद्राला मिळते तेथे तिच्या दक्षिण तीरावरून डोंगराची एक सोंड पश्चिमेकडे समुद्रात शिरली आहे. हेच मुरगावचे भूशिर. नैर्ऋत्य मोसमी वाऱ्यांनी उसळणाऱ्या लाटा या डोंगरावर आदळतात आणि त्याच्या उत्तरेकडील पाणी तुलनेने शांत राहते. मांडवीच्या मुखाशी आग्वादजवळचा वाळूचा दांडा पावसाळ्यात नौकांची वाट अडवतो. अशा वेळी गोव्याचा जलमार्ग झुआरीच्या मुखातून चालू राहत असे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस येथे लाटा अडविणारा बांध उभारला गेला. १८८८ मध्ये दूधसागरमार्गे घाट चढून ब्रिटिश हद्दीपर्यंत जाणारी रेल्वे सुरू झाली. त्यामुळे निसर्गाने दिलेला हा आसरा आधुनिक बंदर बनला.

याच आसऱ्यामुळे दुसरे महायुद्ध मुरगावच्या दारापर्यंत आले. सप्टेंबर १९३९ मध्ये युद्धाला तोंड फुटले, तेव्हा या किनाऱ्यावरील मुंबई, कारवार यांसारखी बंदरे ब्रिटिशांच्या अमलाखाली होती. गोवा मात्र पोर्तुगालच्या ताब्यात होता आणि सालाझार यांच्या पोर्तुगालने तटस्थता स्वीकारली होती. साहजिकच एहरेनफेल्स, ब्राउनफेल्स आणि द्राखेनफेल्स ही तीन जर्मन मालवाहू जहाजे मुरगावच्या आश्रयाला आली. १९४० मध्ये इटली युद्धात उतरल्यानंतर आन्फोरा हे इटालियन जहाजही तेथेच अडकून पडले.

तटस्थ बंदरात युद्धखोर राष्ट्राच्या व्यापारी जहाजाला थांबता येते. परंतु त्या बंदराचा उपयोग युद्धकार्यासाठी करता येत नाही. वादाचे मूळ येथेच होते. हिंदी महासागरात दोस्त राष्ट्रांची जहाजे बुडत होती आणि एहरेनफेल्सवरील गुप्त रेडिओवरून जर्मन पाणबुड्यांना संदेश जात असल्याचा ब्रिटिशांना संशय होता. उघड हल्ला करणे मात्र अवघड होते. अटलांटिकमधील अझोर्स बेटांवर तळ मिळविण्यासाठी ब्रिटनला पोर्तुगालची मर्जी राखायची होती.

म्हणून नियमित सैन्याऐवजी कलकत्त्यातील हौशी स्वयंसेवक निवडले गेले. कलकत्ता लाइट हॉर्स आणि कलकत्ता स्कॉटिश या पथकांतील ही मंडळी बहुतेक मध्यमवयीन, व्यापारी पेढ्यांत काम करणारी होती. गुप्त मोहिमा चालविणाऱ्या ब्रिटिश संघटनेचे अधिकारी लुईस प्यू यांनी ही योजना आखली. फीबी नावाचा गाळ वाहणारा पडाव कलकत्त्याहून समुद्रमार्गे आणला गेला; स्वयंसेवक रेल्वेने कोचीनला जाऊन त्यावर चढले. ९ मार्च १९४३ रोजी, गोव्यात कार्निव्हल सुरू असताना, त्यांनी रात्रीच्या अंधारात एहरेनफेल्सवर चढाई केली. झटापटीत जहाजाचा कप्तान आणि काही खलाशी मारले गेले. जहाज शत्रूच्या हाती पडू नये म्हणून खलाशांनी ते स्वतःच बुडविले. ते पाहून उरलेल्या तीन जहाजांवरील खलाशांनीही तोच मार्ग पत्करला. छापा घालणाऱ्यांना पदके मिळाली नाहीत. हे प्रकरण कित्येक वर्षे गुप्त राहिले. १९७८ मध्ये जेम्स लीझर यांचे पुस्तक आणि १९८० मध्ये ‘द सी वुल्व्हज’ हा चित्रपट आल्यावर ते जगापुढे आले.

तटस्थतेचा भंग ज्या बंदरात झाला, त्याच बंदरात अवघ्या सात महिन्यांनी तटस्थतेचे खरे मोल दिसले. ऑक्टोबर १९४३ मध्ये जपानचे तेइया मारू आणि अमेरिकेने भाड्याने घेतलेले स्वीडनचे ग्रिप्सहोल्म ही जहाजे मुरगावला आली. एकात शांघाय, हाँगकाँग, फिलिपिन्स येथे अडकलेले अमेरिकन, कॅनेडियन आणि इतर नागरिक होते. दुसऱ्यात अमेरिका खंडातून आणलेले जपानी. दोन्हीकडचे सुमारे दीड-दीड हजार लोक येथे जहाजे बदलून मायदेशाच्या वाटेला लागले. जपानच्या ताब्यातील युद्धकैद्यांसाठी पाठविलेले रेडक्रॉसचे साहित्यही येथेच तेइया मारूवर चढविण्यात आले.

एकमेकांशी लढणाऱ्या राष्ट्रांना आपली माणसे परत घेण्यासाठी दोघांनाही मान्य असलेली जागा लागते. मुरगावला ते स्थान मिळाले, ते भूशिराने दिलेल्या खोल, शांत पाण्यामुळे आणि तटस्थ ध्वजामुळे. तो ध्वज मात्र गोमंतकीयांनी निवडलेला नव्हता. आपल्या बंदरात युद्ध यावे की शांतता, हे ठरविण्याचा अधिकार त्यांना नव्हता. तो लिस्बन आणि लंडनच्या हाती होता. मुरगावच्या युद्धकथेत छाप्याचे शौर्य वारंवार सांगितले जाते. दीड हजारांच्या दोन जमावांची ती शांत अदलाबदल आणि हा न मिळालेला अधिकार, हेही त्याच इतिहासाचे भाग आहेत.